पडद्यावरची रात्रशाळा : सेनेगलचा पटकथाकार उस्मान सेम्बेन

१९६२ साली पश्चिम आफ्रिकेतला एक कादंबरीकार चित्रपटाचे शिक्षण घेण्यासाठी मॉस्कोला गेला. त्याने चाळिशी जवळजवळ गाठली होती. तीन कादंबऱ्या त्याच्या नावावर जमा होत्या, फ्रान्समध्ये त्या छापल्या गेल्या होत्या, आणि त्यांतली एक आफ्रिकेच्या नव्या वाङ्मयातली मोलाची कृती म्हणून गणली जाऊ लागली होती. असा मनुष्य, लेखक म्हणून नाव झाल्यावर, गॉर्कीच्या आत्मचरित्रावर चित्रत्रयी काढणाऱ्या मार्क दोन्स्कॉयच्या हाताखाली कॅमेऱ्याची बाराखडी गिरवायला का बसतो? त्या कादंबरीकाराचे नाव उस्मान सेम्बेन. वरील प्रश्नाचे उत्तर शोधू लागले की सेनेगल या देशाचा वसाहतकालीन इतिहास, त्याचा भाषेचा प्रश्न आणि त्याचा राष्ट्रीय चित्रपट या तिन्ही गोष्टी एकाच दाराशी येऊन उभ्या राहतात.

उत्तर तसे सोपे आहे. सेम्बेनच्या कादंबऱ्या फ्रेंच भाषेत होत्या, आणि ज्यांच्याविषयी त्या लिहिल्या होत्या त्यांना फ्रेंच वाचता येत नव्हते. गोदीतला हमाल, रेल्वेचा कामगार, बाजारात मासे विकणारी बाई ही त्याची पात्रे. त्यांच्या दु:खाची कहाणी पॅरिसमधला सुशिक्षित वाचक वाचत होता आणि वाखाणत होता. पण ज्यांची कहाणी, त्यांना तिचा पत्ताही नव्हता. साक्षरतेचा प्रसार होईपर्यंत थांबायचे, तर एक आयुष्य पुरणार नव्हते. पडद्यावरचे चित्र मात्र निरक्षरालाही समजते. चित्रपट ही आमची रात्रशाळा आहे, असे सेम्बेन सांगत असे. दिवसभर राबून आलेल्या प्रौढांसाठी रात्रशाळा चालविणाऱ्या आपल्या गावांतल्या मंडळींना या शब्दातली कळकळ वेगळी समजावून सांगायला नको.

त्याचे स्वत:चे शिक्षणही शाळेबाहेरच झाले. १९२३ साली सेनेगलच्या दक्षिणेकडील कासामान्स प्रांतात, झिगिंशोर या गावी, एका कोळ्याच्या घरी त्याचा जन्म झाला. शाळा लवकर सुटली. डाकारला येऊन गवंडीकाम केले, यंत्रदुरुस्ती केली. दुसऱ्या महायुद्धात फ्रेंचांच्या वसाहती सैन्यात भरती झाला. युद्धानंतर तो फ्रान्सला गेला आणि मार्सेच्या बंदरात माल चढवण्या-उतरवण्याचे काम करू लागला. तेथेच कामगार संघटनेत आणि कम्युनिस्ट पक्षात त्याचा प्रवेश झाला. तेथेच पाठीला दुखापत झाली आणि वाचन वाढले. १९५६ साली आलेली पहिली कादंबरी गोदीतल्या काळ्या हमालाचीच आहे. १९६० च्या कादंबरीत डाकार-नायजर रेल्वेवरच्या १९४७-४८ मधल्या, सुमारे पाच महिने चाललेल्या संपाची हकीकत आहे. त्याच १९६० साली सेनेगल स्वतंत्र झाला.

चित्रपटाच्या बाबतीत फ्रेंच आफ्रिकेची परिस्थिती कशी होती, हेही ध्यानात घेतले पाहिजे. आपल्याकडे दादासाहेब फाळक्यांनी १९१३ साली, इंग्रजी राज्य असतानाच, 'राजा हरिश्चंद्र' लोकांपुढे आणला. फ्रेंच आफ्रिकेत १९३४ साली असा हुकूम निघाला, की सरकारी परवानगीवाचून वसाहतीत कोणीही चित्रण करू नये. ही परवानगी आफ्रिकी माणसाच्या वाट्याला जवळजवळ येतच नसे. स्वातंत्र्यानंतरही चित्रगृहांना चित्रपट पुरविण्याचा धंदा दोन फ्रेंच कंपन्यांच्या मुठीत राहिला. डाकारच्या प्रेक्षकाला अमेरिकन चित्रपट दिसे, फ्रेंच दिसे, आमच्या मुंबईचा हिंदी चित्रपटही दिसे आणि तो मोठ्या आवडीने पाहिला जाई. आपल्या गल्लीतला माणूस मात्र त्याला पडद्यावर कधी दिसला नव्हता.

१९६३ साली तो दिसला. 'बोरोम सारेत' हा सेम्बेनचा पहिला कथाचित्रपट केवळ वीस मिनिटांचा आहे. डाकारमधल्या एका घोडागाडीवाल्याचा एक दिवस, एवढेच त्याचे कथानक. गिऱ्हाइके उधारीवर बसतात. कोणी हातात हात देऊन उतरते, कोणी तेही करीत नाही. कमावलेले चार पैसे, पूर्वजांची स्तुती गाणाऱ्या भाटाच्या गोड गळ्यापायी, गाडीवाला देऊन टाकतो. पुढे एक मनुष्य आपल्या मेलेल्या तान्ह्या मुलाला घेऊन गाडीत बसतो. दफनभूमीच्या दारावर त्याला अडवले जाते, कारण त्याचे कागद बरोबर नाहीत. शेवटी श्रीमंतांच्या वस्तीत, जेथे गाड्या न्यायला मनाई आहे तेथे, एक सुटाबुटातला इसम त्याला घेऊन जातो. पोलीस येतो, गाडीवाल्याचे सैन्यातले पदक जमिनीवर पडते, ते उचलायला हात पुढे करावा, तो पोलिसाचा बूट त्यावर पडतो. गाडी जप्त होते. गोरा मनुष्य या चित्रपटात जवळजवळ नाहीच. राज्य गेले आहे, राज्याचे कागद आणि बूट मागे राहिले आहेत. सेम्बेनच्या पुढच्या चाळीस वर्षांच्या पटकथांचे बी या वीस मिनिटांत आहे असे मला वाटते.

१९६६ चा 'ला न्वार द…' हा त्याचा पहिला मोठा चित्रपट. दियुआना नावाची डाकारची तरुणी एका फ्रेंच कुटुंबात मुले सांभाळायला म्हणून राहते आणि त्यांच्याबरोबर फ्रान्सला, आँतीब या समुद्रकाठच्या गावी जाते. तेथे मुले नाहीतच. आहे ते स्वयंपाकघर आणि बाईसाहेबांची हाक. एक दिवस आईचे पत्र येते. आईला लिहिता येत नाही, म्हणून ते दुसऱ्याने लिहिलेले. दियुआनाला वाचता येत नाही, म्हणून साहेब ते वाचून दाखवतो. आणि उत्तर काय लिहायचे हे ती सांगण्याच्या आधीच तो स्वत:च्या मनाने उत्तर लिहू लागतो. ती पत्र फाडून टाकते. एका माणसाच्या वतीने दुसऱ्याने बोलणे म्हणजे काय, हे या छोट्या प्रसंगात जितके उघडे होते तितके मोठ्या ग्रंथांतून क्वचितच होत असेल. दियुआना अखेरीस आत्महत्या करते, आणि वर्तमानपत्रात तिच्या वाट्याला चार ओळी येतात. साहेब तिचे सामान व पगार घेऊन डाकारला येतो. आई पैशाला शिवतही नाही. एक लहान मुलगा, दियुआनाने मालकांना भेट दिलेला आणि आता परत आलेला लाकडी मुखवटा तोंडावर धरून, साहेबाच्या मागे मागे चालू लागतो आणि साहेबाची पावले झपाझप पडू लागतात. त्या वर्षी फ्रान्समध्ये या चित्रपटाला झाँ विगो पारितोषिक मिळाले.

परंतु या दोन्ही चित्रपटांत एक वैगुण्य राहून गेले होते. गाडीवाल्याच्या आणि दियुआनाच्या मनातले विचार आपल्याला ऐकू येतात ते फ्रेंच भाषेत. रात्रशाळा काढली खरी, पण गुरुजी अजून साहेबाच्याच भाषेत शिकवत होते! ही उणीव १९६८ च्या 'मांदाबी'ने दूर केली. 'मांदाबी' म्हणजे मनीऑर्डर. वोलोफ ही सेनेगलमध्ये सर्वांत जास्त समजली जाणारी भाषा, आणि आफ्रिकी भाषेतला पहिला पूर्ण लांबीचा कथाचित्रपट म्हणून 'मांदाबी'कडे बोट दाखवले जाते. गंमत अशी, की त्यासाठी पैसा फ्रान्समधून आला होता, म्हणून तीच कथा फ्रेंचमध्येही चित्रित करावी लागली. 'प्रभात'ने १९३२ साली 'अयोध्येचा राजा' मराठी आणि हिंदी अशा दोन भाषांत काढला तो बाजारपेठ वाढवण्यासाठी. सेम्बेनला दुसरी भाषा घ्यावी लागली ती पहिलीची परवानगी मिळावी म्हणून.

'मांदाबी'ची गोष्ट जरा सविस्तर सांगतो. इब्राहिमा दियेंग हा पन्नाशी उलटलेला, दोन बायकांचा, सात मुलांचा धनी. वर्षानुवर्षे बेकार, पण झगा स्वच्छ आणि चाल रुबाबदार. पॅरिसमध्ये रस्ते झाडणारा त्याचा भाचा पंचवीस हजार फ्रँकची मनीऑर्डर पाठवतो. त्यांतले दोन हजार मामाला, तीन हजार भाच्याच्या आईला, आणि उरलेले वीस हजार भाच्यासाठी जपून ठेवायचे. पैसा अजून टपाल कचेरीतच आहे, तोवर बायकांनी वाण्याकडून उधारीवर तांदूळ आणला, शेजारीपाजारी हात पसरू लागले, मशिदीतली ओळख जवळची झाली. दियेंग टपाल कचेरीत जातो. ओळखपत्र आणा, म्हणतात. पोलीस ठाण्यावर जातो. जन्माचा दाखला आणा, फोटो आणा, तिकीट आणा. नगरपालिकेत जातो. जन्मतारीख? तारीख कोणाला ठाऊक! साधारण अमुक साली, एवढेच तो सांगू शकतो, आणि मागे रांगेतले लोक खेकसू लागतात. फोटोवाला आगाऊ पैसे घेऊन फोटो देत नाही. वर मारामारीत दियेंगचेच नाक फुटते. शेवटी एक शिकलेला, मोटार बाळगणारा नातेवाईक पुढे येतो. तुम्ही नुसते मुखत्यारपत्र करून द्या, बाकी मी पाहतो. त्याने बाकी पाहिलेच. पैसे उचलले, आणि खिसा कापला गेला असे सांगून तांदळाचे एक पोते दियेंगच्या हवाली केले.

ही हकीकत ऐकून सभागृहातल्या काही मंडळींच्या चेहऱ्यावर हसू आले असेल, आणि ते का आले हे मी विचारत नाही. सेम्बेनच्या रचनेतली खुबी अशी, की दियेंगला छळणारा एकही मनुष्य दुष्ट नाही. खिडकीमागचा कारकून नियमाप्रमाणे वागतो. पण तो नियम फ्रेंचांनी आपल्या सोयीसाठी केलेला, फ्रेंच भाषेत छापलेला, आणि ज्याचा जन्म कोणी कागदावर टिपला नाही अशा माणसावर लादलेला आहे. चित्रपटात घरची माणसे वोलोफ बोलतात, कचेरीच्या खिडकीतून फ्रेंच येते. राज्यकर्ता आणि प्रजा यांच्यामधली भिंत दाखवण्यासाठी पटकथाकाराला एकही भाषण लिहावे लागलेले नाही. शिवाय दियेंगला त्याने साधुपुरुषही केलेले नाही. तो पोकळ बढाईखोर आहे, बायकांवर गुरगुरतो, खादाड आहे. गरिबाला देव्हाऱ्यात बसवण्याचा मोह आवरणे ही लहान गोष्ट नव्हे.

भाषेवरूनच पुढे सरकारशी त्याचे वाजले. सेनेगलचे पहिले राष्ट्राध्यक्ष लेओपोल सेंगोर हे स्वत: फ्रेंच भाषेतले थोर कवी, पुढे १९८३ मध्ये त्यांची फ्रेंच अकादमीवर निवड झाली. एका बाजूला कवी राष्ट्राध्यक्ष, दुसऱ्या बाजूला गोदीतून आलेला कादंबरीकार. सेम्बेनने १९७० च्या दशकाच्या आरंभी भाषाशास्त्रज्ञ पाते दियाञ याच्यासह 'काद्दू' नावाचे वोलोफ नियतकालिक काढले. १९७७ मध्ये त्याचा 'चेद्दो' हा चित्रपट तयार झाला आणि सेनेगलमध्ये त्यावर बंदी आली. कारण? शीर्षकात 'द' हे अक्षर दोनदा आले होते आणि सरकारी लेखननियमांप्रमाणे ते एकदाच यायला हवे होते! सेम्बेनने द्वित्व सोडले नाही. सेंगोर १९८० च्या अखेरीस पदावरून उतरले, त्यानंतरच हा चित्रपट तेथील लोकांना पाहता आला. शुद्धलेखनावरून महाराष्ट्रातही पुष्कळ रणे माजली आहेत, पण त्यापायी चित्रपट अडकल्याचे मला स्मरत नाही. अर्थात खरे कारण ऱ्हस्वदीर्घाएवढे निरुपद्रवी नसावे. इस्लाम, ख्रिस्ती मिशनरी आणि गुलामांचा व्यापारी हे तिघेही आफ्रिकेच्या गावात बाहेरून आले, असे हा चित्रपट दाखवतो. आणि ज्या देशातले बहुसंख्य लोक मुसलमान, तेथे हे दाखवणे सोपे नव्हते.

त्याआधीच्या 'खाला'ची (१९७५) कथा थोडक्यात सांगून पुढे जातो. आफ्रिकी व्यापारी मंडळ गोऱ्यांना कचेरीतून बाहेर काढते, त्यांची प्रतीके पायरीवर आणून ठेवते. लोक ढोल वाजवतात. थोड्याच वेळात तेच गोरे परत येतात आणि प्रत्येक सभासदापुढे एकेक पेटी ठेवतात. पेट्या नोटांनी भरलेल्या! या सभासदांपैकी एक जण तिसरे लग्न करतो आणि त्याच रात्री त्याला नपुंसकत्वाचा शाप जडतो, ही पुढची कथा. विनोद बोचरा आहे. सरकारी कात्री या चित्रपटावर अनेक ठिकाणी चालली.

त्याच्या उत्तरायुष्यातल्या दोन चित्रपटांचा उल्लेख केला पाहिजे. 'गेलवार'मध्ये (१९९२) शवागारातल्या घोटाळ्यामुळे एका ख्रिस्ती पुढाऱ्याचे प्रेत मुसलमानांच्या दफनभूमीत पुरले जाते, आणि त्यावरून दोन समाज समोरासमोर उभे ठाकतात. या वादातून परदेशी धान्याच्या मदतीवर जगणाऱ्या देशाची लाज हळूहळू वर येते. 'मोलादे' (२००४) हा मुलींच्या अवयवच्छेदाच्या रूढीविरुद्ध आहे. कोले नावाची बाई चार मुलींना आसरा देते आणि अंगणाच्या दाराला एक दोरी आडवी बांधते. ती दोरी ओलांडायची हिंमत गावातल्या एकाही पुरुषाला होत नाही, कारण आसऱ्याचा नियम त्यांच्याच पूर्वजांचा आहे. रूढीशी लढायला रूढीच उभी करण्याची ही युक्ती मला फार आवडते. बायकांचे डोके बिघडवतात म्हणून पुरुष गावातले सारे रेडिओ जमवून त्यांची होळी करतात, हा प्रसंगही त्यातलाच. कानच्या महोत्सवात या चित्रपटाचा गौरव झाला, तेव्हा सेम्बेन एक्क्याऐंशी वर्षांचा होता. ९ जून २००७ रोजी डाकारला त्याचे निधन झाले.

त्याचे सगळेच मला पटते असे नाही. उत्तरकाळात त्याची पात्रे कधी कधी एकमेकांशी बोलायचे सोडून प्रेक्षकांशी बोलू लागतात; 'फात किने'मध्ये (२०००) हे वारंवार जाणवते. गुरुजींना फळा दिसला की खडू हाती घ्यावासा वाटतोच. पण जेथे तो प्रत्यक्ष वसाहतकालीन इतिहासाला हात घालतो, तेथे हा उपदेशक बहुधा गप्प बसतो, आणि ते का हे पाहण्यासारखे आहे.

'एमिताई'मध्ये (१९७१) दुसऱ्या महायुद्धातले दियोला लोकांचे एक खेडे आहे. फ्रेंच सैन्य तांदूळ वसूल करायला येते. बायका तो लपवून ठेवतात आणि भर उन्हात बसून राहतात, बोलत नाहीत. मध्येच वरून हुकूम येतो आणि भिंतीवरचे मार्शल पेतँचे चित्र काढून द गोलचे लावले जाते. आफ्रिकी शिपायांना कोडे पडते, की सात ताऱ्यांच्या मार्शलला दोन ताऱ्यांचा सेनापती कसा हटवतो? त्यांच्यापुरता बदल भिंतीवरच झाला. तांदूळ द्यावाच लागणार होता.

यापुढची पायरी म्हणजे १९८८ चा 'तियारोयची छावणी'. तो त्याने तिएर्नो फाती सो याच्याबरोबर लिहिला व दिग्दर्शित केला. फ्रान्सचा पैसा त्यात नव्हता. सेनेगल, अल्जीरिया आणि ट्युनिशिया यांनी मिळून तो काढला. त्यामागचा इतिहास असा. 'सेनेगली शिपाई' या नावाने फ्रान्सने साऱ्या पश्चिम आफ्रिकेतून सैन्य उभे केले होते. १९४० साली फ्रान्स पडला तेव्हा त्यांतले हजारो जर्मनांच्या कैदेत सापडले. सुटका झाल्यावर बाराशेहून अधिक शिपाई नोव्हेंबर १९४४ मध्ये जहाजाने डाकारला आणून शहराबाहेर तियारोयच्या छावणीत ठेवण्यात आले. त्यांची मागणी एकच होती : कैदेतल्या काळातला थकलेला पगार द्या. २८ नोव्हेंबरला त्यांनी एका सेनापतीची मोटार अडवली. १ डिसेंबरच्या सकाळी फ्रेंच सैन्याने छावणीला वेढा घालून गोळीबार केला. मृतांचा सरकारी आकडा पस्तीस. इतिहाससंशोधक तो फार कमी मानतात. वाचलेल्यांपैकी चौतीस जणांना लष्करी न्यायालयाने उलट शिक्षा ठोठावल्या.

पटकथेत भांडण पेटते ते चलनाच्या दरावरून. शिपायांजवळचे फ्रँक बदलून देताना फ्रेंच अधिकारी निम्मा दर सांगतो. ज्यांनी युरोपात गोऱ्या सैनिकाच्या खांद्याला खांदा लावून मार खाल्ला, त्यांचा पैसा मात्र अर्ध्या किमतीचा. सार्जंट-मेजर दियाता फ्रेंच उत्तम बोलतो, पाश्चात्य संगीत ऐकतो, त्याची बायको फ्रेंच आहे; म्हणजे फ्रेंच शिक्षणाने जे जे बनवायचे ते सारे तो बनलेला आहे. त्याच्या समोर पे नावाचा शिपाई : बुखेनवाल्डच्या छळछावणीतून आलेला, वाचा गेलेला, डोक्यावर जर्मन शिरस्त्राण घातलेला. अधिकाऱ्याने शब्द दिला म्हणून छावणी रात्री निर्धास्त झोपते. पहाऱ्यावर असलेल्या पेला अंधारातून रणगाडे येताना दिसतात. तो धावत जाऊन सोबत्यांना हलवतो, खुणा करतो. ते म्हणतात, बिचाऱ्याला जुन्या छावणीची स्वप्ने पडतात. दियाताच्या अस्खलित फ्रेंचचा आणि पेच्या मुकेपणाचा शेवट एकाच गोळीबारात होतो.

सेंगोरांनीही याच घटनेवर कविता लिहिली होती आणि १९४८ च्या त्यांच्या संग्रहात ती आहे. कविता फ्रेंच जाणणाऱ्यांपर्यंत पोचली. चित्रपटाला व्हेनिसमध्ये परीक्षकांचे विशेष पारितोषिक मिळाले, पण फ्रान्समधल्या प्रेक्षकांपर्यंत पोचायला त्याला फार वर्षे लागली. २०२४ मध्ये त्याची दुरुस्त केलेली प्रत कानच्या महोत्सवात दाखवली गेली. त्याच वर्षी नोव्हेंबरच्या अखेरीस, घटनेला ऐंशी वर्षे पुरी होण्याच्या तोंडावर, फ्रान्सचे राष्ट्राध्यक्ष माक्राँ यांनी सेनेगलच्या राष्ट्राध्यक्षांना लिहिलेल्या पत्रात या घटनेसाठी 'कत्तल' हा शब्द वापरला. तोही अखेर एका कागदावरच आला.

चित्रपटाचा शेवट कत्तलीवर नाही. प्रेते पुरली गेल्यानंतर डाकारच्या धक्क्यावर एक जहाज उभे आहे, आणि नव्याने भरती झालेले सेनेगली शिपाई फ्रान्सला जाण्यासाठी रांगेने त्यावर चढत आहेत.